बोस्टनच्या टेकडीवरील सोनेरी घुमट

मागील सत्रांत इयत्ता आठवीच्या नागरिकशास्त्राच्या तासाला वॉशिंग्टन शहरांतील कॅपिटॉल इमारतीचें चित्र मी मुलांस दाखवीत होतों. चित्र हातोहात फिरत शेवटच्या बाकापर्यंत गेलें, आणि तेथून प्रश्न आला, "सर, एवढ्या मोठ्या देशाचा सगळा कारभार ह्या एकाच घुमटाखालून चालतो काय?" प्रश्न चांगला होता, पण इतक्यांत घंटा झाली आणि उत्तर अर्धेंच राहिलें. तें पुरें करण्याचें मीं त्या वेळीं कबूल केलें होतें. वार्षिक अंकाच्या संपादकांनीं लेख मागितला तेव्हां त्या वचनाची आठवण झाली.

उत्तर असें कीं, एका घुमटाखालून चालत नाहीं. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत आज पन्नास संस्थानें आहेत. येथें संस्थान म्हणजे राजेरजवाड्यांचें नव्हे. आपल्या महाराष्ट्रासारखें तें एक घटक राज्य असतें. प्रत्येकाचा गव्हर्नर निराळा, कायदेमंडळ निराळें, आणि तें कायदेमंडळ जेथें भरतें ती इमारतहि निराळी. अशा बहुतेक इमारतींस तेथें कॅपिटॉल म्हणतात. हा शब्द प्राचीन रोम शहरांतील कॅपिटोलाइन नांवाच्या टेकडीवरून आला. त्या टेकडीवर रोमन लोकांच्या ज्युपिटर देवाचें मंदिर होतें. स्वतंत्र झालेल्या अमेरिकनांस राजा नको होता, म्हणून राजवाडाहि नको होता. परंतु लोकांच्या राज्याला शोभेल असें कांहीं भव्य मात्र हवें होतें. तेव्हां त्यांनीं राजांच्या युरोपकडे पाठ करून रोमच्या जुन्या प्रजासत्ताकाकडे पाहिलें, आणि खांब, कमानी, घुमट व नांव, सर्व तेथून उचललें.

पन्नासांपैकीं एकाच इमारतीची हकीकत मी येथें सांगणार आहें. ती मॅसॅच्युसेट्स संस्थानाची, बोस्टन शहरांतील. तेथील लोक तिला कॅपिटॉल न म्हणतां "स्टेट हाऊस" म्हणतात. तीच निवडण्याचें एक कारण असें कीं, तिच्या चार भिंतींच्या आंत एका वर्षीं झालेल्या एका ठरावाचा आपल्या मराठी मुलखाशीं निकटचा संबंध आहे. तो पुढें येईलच.

बोस्टनमध्यें बीकन हिल नांवाची टेकडी आहे. बीकन म्हणजे संकटाची सूचना देणारा जाळ. सतराव्या शतकांत इंग्रज वसाहतवाल्यांनीं ह्या टेकडीच्या माथ्यावर एक उंच खांब उभारून, शत्रु आला असतां त्यावर जाळ पेटवावा अशी योजना केली होती. टेकडीच्या उतारावर हॅंकॉक नांवाच्या धनिक घराण्याचें गुरें चारण्याचें कुरण होतें. ह्या घराण्यांतील जॉन हॅंकॉक ह्यानें १७७६ सालच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सर्वांत मोठ्या अक्षरांत सही केली, आणि पुढें तो मॅसॅच्युसेट्सचा गव्हर्नर झाला. तो १७९३ सालीं वारला. त्याच्या वारसांकडून बोस्टन नगरानें तें कुरण विकत घेतलें. तोंपर्यंत कायदेमंडळ खालीं शहराच्या गजबजाटांत, १७१३ सालीं बांधलेल्या एका लहानशा विटांच्या इमारतींत भरत असे. ती जुनी इमारत अद्याप उभी आहे. तिच्यासमोरच १७७० सालच्या मार्च महिन्यांत इंग्रज शिपायांनीं जमावावर गोळ्या झाडून पांच माणसें मारलीं, आणि तिच्याच सज्जांतून १८ जुलै १७७६ रोजीं स्वातंत्र्याचा जाहीरनामा बोस्टनच्या लोकांस वाचून दाखविण्यांत आला. परंतु नव्या राज्याला ती अपुरी पडूं लागली.

नवी इमारत कशी असावी ह्याचा आराखडा १७८७ सालीं एका चोवीस वर्षांच्या तरुणानें आपण होऊन सादर केला. त्याचें नांव चार्ल्स बुल्फिंच. हार्वर्ड विद्यालयाचा हा पदवीधर. वास्तुशिल्पाचें शिक्षण म्हणून कोणाजवळ घेतलेलें नाहीं, कारण तसें शिक्षण देणारी शाळाच तेव्हां अमेरिकेंत नव्हती. बापाच्या पैशानें दोन वर्षें युरोपांत हिंडून त्यानें इमारती डोळे भरून पाहिल्या होत्या. लंडनमध्यें टेम्स नदीकांठीं विल्यम चेंबर्स ह्यानें बांधलेलें सॉमरसेट हाऊस त्याच्या मनांत भरलें होतें, आणि त्याची छाया ह्या आराखड्यावर स्पष्ट दिसते. कायदेमंडळानें आराखडा पाहिला, आणि आठ वर्षें ठेवून दिला! सरकारी कागद कसे चालतात हें ज्यांना ठाऊक आहे त्या पालकांस ह्याचें आश्चर्य वाटणार नाहीं.

अखेर ४ जुलै १७९५ रोजीं, म्हणजे स्वातंत्र्याच्या वाढदिवशीं, कोनशिला बसविण्यांत आली. त्या वेळीं संघांत पंधरा संस्थानें होतीं. म्हणून तो दगड पंधरा पांढऱ्या घोड्यांनीं टेकडीवर ओढून नेला. गव्हर्नर सॅम्युएल ॲडम्स ह्या वृद्ध देशभक्ताच्या हस्तें समारंभ झाला, आणि त्याच्या शेजारीं फ्रीमेसन मंडळाचा प्रमुख म्हणून पॉल रिव्हियर उभा होता. हा रिव्हियर रुप्याचीं कामें करणारा सोनार. १७७५ सालच्या एप्रिलमधील एका रात्रीं घोड्यावरून दौडत जाऊन, इंग्रज फौज येत असल्याची खबर त्यानें गांवोगांव दिली, म्हणून अमेरिकेंतील शाळकरी मुलांस त्याचें नांव तोंडपाठ असतें. त्याची गांठ आपणांस ह्या इमारतींत पुन्हां पडणार आहे.

इमारत पुरी होऊन ११ जानेवारी १७९८ रोजीं कायदेमंडळ तींत राहावयास आलें. खर्च सुमारें १ लक्ष ३३ हजार डॉलर झाला. आतां तिचें स्वरूप पाहूं. समोरून पाहतां ती लांबट दिसते. लांबी सुमारें १७३ फूट आणि रुंदी ६१ फूट. भिंती लाल विटांच्या. मध्यभागीं कमानींची एक ओवरी पुढें आलेली आहे. आपल्याकडील देवालयांच्या प्राकारांतील ओवऱ्या ज्यांनीं पाहिल्या आहेत त्यांना ती सहज डोळ्यांपुढें आणतां येईल. ओवरीच्या माथ्यावर कॉरिंथी थाटाच्या शुभ्र खांबांची रांग, म्हणजे वरच्या टोंकाला दगडी पानांचे झुबके कोरावेत तसे आकार असलेले खांब. मात्र हे खांब दगडाचे नव्हते. पाईन वृक्षाचे सबंध बुंधे आणून इमारतीसमोरील हिरवळीवरच ते कोरण्यांत आले. पुढें १९६० सालीं त्यांच्या जागीं तशाच आकाराचे लोखंडी खांब बसविले. खांबांच्या वर त्रिकोणी शिखरभाग, आणि सर्वांच्या वर घुमट.

ह्यांतील शहाणपणा माझ्या मतें प्रमाणांत आहे. संगमरवर आणण्यास पैसा नव्हता. बुल्फिंचनें वीट आणि लांकूड हे घरगुती पदार्थ घेतले, आणि खिडक्या, कमानी, खांब ह्यांचीं अंतरें इतकीं नेमकीं साधलीं कीं पाहणाऱ्याला दारिद्र्य दिसत नाहीं. जमीन उंच, समोर मोकळें मैदान आणि वर गोल घुमट, एवढ्यावर त्यानें भव्यता आणली. पुढील शंभर वर्षांत अमेरिकेंतील अनेक संस्थानांनीं आपापलीं राजभवनें बांधतांना खांबांची ओवरी आणि वर घुमट हाच कित्ता गिरविला.

पण घुमट गळूं लागला. तो प्रथम लांकडी पट्ट्यांनीं शाकारलेला होता, आणि बोस्टनचें बर्फ व पाऊस त्या पट्ट्यांस मानवेना. कोंकणांतल्या पालकांस हें दुःख समजावून सांगावयास नको. तेव्हां १८०२ सालीं घुमटावर तांब्याचा पत्रा मढविण्याचें ठरलें, आणि तें काम मिळालें पॉल रिव्हियरला. ह्या उद्योगी म्हाताऱ्यानें वयाच्या पासष्टाव्या वर्षीं, इंग्लंडहून पत्रा आणण्याची गरज राहूं नये म्हणून, तांबें लाटून पत्रे करण्याचा कारखाना नुकताच काढला होता. अशा रीतीनें ज्यानें पायाचा दगड बसविला त्यानेंच माथाहि झांकला. तांब्यावर पुढें राखी, मग पिवळसर रंग देत. १८७४ सालीं त्यावर सोन्याचा वर्ख चढविला, आणि घुमट आजच्या रूपांत झळकूं लागला. दुसऱ्या महायुद्धांत शत्रूच्या विमानांस खूण मिळूं नये म्हणून हेंच सोनें काळपट रंगाखालीं लपविण्यांत आलें होतें. १९९७ सालीं नव्यानें २३ कॅरटचा वर्ख दिला. घुमटाच्या अगदीं टोंकावर कलशाच्या जागीं पाईन वृक्षाचें सोनेरी फळ आहे; लांकडाच्या व्यापारावर ज्या प्रदेशाचें पोट चाललें त्याची ती आठवण.

बुल्फिंचचें काय झालें? तें सांगितल्यावांचून पुढें जाववत नाहीं. ज्या वर्षीं भिंती चढत होत्या त्याच सुमारास, म्हणजे १७९६ सालीं, एका घरबांधणीच्या योजनेंत स्वतःचा पैसा घालून त्याचें दिवाळें निघालें. वडिलोपार्जित सर्व गेलें. पुढें वर्षानुवर्षें तो बोस्टनच्या नगरपंचांचा अध्यक्ष होता; रस्ते, दिवे, शाळा, पोलीस ह्यांची व्यवस्था पाहत होता; आणि तरीहि १८११ सालीं कर्ज न फिटल्यामुळें त्याला सुमारें एक महिना तुरुंगांत बसावें लागलें. सुटून आल्यावर तो पुन्हां कामाला लागला. १८१७ सालीं राष्ट्राध्यक्ष मन्रो बोस्टनला आले तेव्हां त्यांना शहर दाखविण्याचें काम त्याच्याकडे होतें. त्यांनीं त्याची कामें पाहिलीं, आणि दुसऱ्या वर्षीं वॉशिंग्टनच्या मोठ्या कॅपिटॉलचें बांधकाम त्याच्या हवालीं केलें. मीं वर्गांत दाखविलेल्या त्या चित्रांतील इमारतीचा मधला भाग त्यानेंच पुरा केला; फक्त आजचा लोखंडी घुमट त्याचा नव्हे, तो मागाहून आला.

आतां आंत जाऊं. प्रतिनिधि जेथें बसतात त्या सभागृहांत गेल्यावर नवख्या माणसाची नजर एका विलक्षण वस्तूवर जाते. प्रेक्षकांच्या सज्जाजवळ, छताला टांगलेला, लांकडाचा कोरीव मासा! लांबी ४ फूट ११ इंच. तो कॉड जातीचा आहे. १७८४ सालीं जॉन रोव नांवाच्या सभासदानें, ज्या धंद्यावर आपलें संस्थान उभें राहिलें त्याचें स्मारक म्हणून हा मासा सभागृहांत लावावा, अशी परवानगी मागितली, आणि तेव्हांपासून तो कायदेमंडळाबरोबर आहे. त्याला तेथें पवित्र कॉड असेंच म्हणतात. दुसऱ्या सभागृहानेंहि आपल्या झुंबरांत एक मासा घडवून घेतला आहे. तो आपल्या बांगड्याचा भाऊबंद. रत्नागिरीच्या एखाद्या विद्यार्थ्यास ह्यांत कांहीं चमत्कारिक वाटणार नाहीं.

१८९५ सालीं प्रतिनिधींचें सभागृह जुन्या इमारतींतून मागील नव्या भागांत हललें, तेव्हां पंधरा सभासदांची समिति नेमून, माशाला राष्ट्रीय निशाणांत गुंडाळून, मिरवणुकीनें नेण्यांत आलें, आणि सर्व सभासद उभे राहिले. पुढें १९३३ सालच्या एप्रिलमध्यें हार्वर्डच्या कांहीं विद्यार्थ्यांनीं दोऱ्या कापून तो पळविला! शहरभर हलकल्लोळ झाला, पोलिस धांवले, आणि दोन दिवसांनीं मासा परत मिळाला. त्यानंतर तो सहा इंच अधिक उंच टांगला. (आमच्या शाळेच्या दिवाणखान्यांतील वस्तूंविषयीं कोणाच्या मनांत भलती कल्पना येऊं नये, एवढीच विनंति.)

पण माशाची गोष्ट हंसून सोडण्यासारखी नाहीं. कॉड खारवून, वाळवून गलबतांतून दूरदूर जाई. उत्तम माल स्पेन व पोर्तुगालास. आणि सर्वांत हिणकस माल वेस्ट इंडीज बेटांवर, उंसाच्या मळ्यांत राबणाऱ्या आफ्रिकन गुलामांच्या तोंडीं घालण्यासाठीं. परत येतांना गलबतें काकवी घेऊन येत. ज्या देवभीरू लोकांनीं प्रार्थनेसाठीं स्वातंत्र्य मिळावें म्हणून समुद्र ओलांडला, त्यांच्या भरभराटींत हा पैसाहि होता. ह्या इमारतीच्या इतिहासांत मला जें सर्वांत मोलाचें वाटतें तें हें कीं, ह्या पापाला विरोध करणारी माणसेंहि याच दारांतून आंत गेलीं.

२१ फेब्रुवारी १८३८ रोजीं, घुमटाखालच्या सभागृहांत अँजेलिना ग्रिम्के नांवाची एक तरुण स्त्री कायदेमंडळाच्या समितीपुढें बोलावयास उभी राहिली. ती दक्षिणेंतील एका गुलाम बाळगणाऱ्या घराण्यांतील मुलगी. घर सोडून उत्तरेस आली होती. सुमारें वीस हजार स्त्रियांच्या सह्यांचे गुलामगिरीविरुद्धचे अर्ज तिनें बरोबर आणले होते. अमेरिकेंत कोणत्याहि कायदेमंडळापुढें त्यापूर्वीं कोणी स्त्री बोलली नव्हती. सभागृह खच्चून भरलें. कांहीं लोक थट्टा करावयास आले होते. ती बोलली, आणि पुढील दिवशींहि बोलावयास आली. ज्यांना मतांचा अधिकार नव्हता अशा स्त्रियांचा आवाज त्या भिंतींनीं त्या दिवशीं प्रथम ऐकला.

पंचवीस वर्षांनीं, २८ मे १८६३ रोजीं, ह्याच पायऱ्यांसमोरून एक पलटण कूच करून गेली. उत्तर व दक्षिण ह्यांचें यादवी युद्ध चालू होतें. गव्हर्नर जॉन अँड्र्यू ह्यानें आग्रह धरून कृष्णवर्णीय सैनिकांची ही ५४ वी मॅसॅच्युसेट्स पलटण उभारली होती. तिचा कर्नल रॉबर्ट गूल्ड शॉ हा पंचविशींतला गोरा तरुण. गोऱ्या शिपायाला महिना १३ डॉलर पगार होता. ह्यांना १० डॉलर देऊं केले, आणि त्यांतूनहि ३ कपड्यांसाठीं कापण्याचें ठरलें. पलटणीनें पगारच घेतला नाहीं. मॅसॅच्युसेट्सच्या कायदेमंडळानें ह्याच इमारतींत ठराव करून वरचा फरक आपल्या तिजोरींतून भरण्याचें मान्य केलें. शिपायांनीं आभार मानले, आणि तेंहि नाकारलें. प्रश्न तीन डॉलरांचा नव्हता. घरीं बायकामुलें उपाशी असतांना त्यांनीं हा बाणा राखला, आणि १८६४ सालच्या जूनमध्यें काँग्रेसला समान पगार मान्य करावा लागला. तोंपर्यंत १८ जुलै १८६३ रोजीं वॅगनर किल्ल्यावरील हल्ल्यांत शॉ व त्याचे कित्येक सैनिक पडले होते. शत्रूनें अपमान करावा म्हणून शॉला त्याच्या काळ्या शिपायांबरोबर एकाच खड्ड्यांत पुरलें. त्याच्या पित्यानें मात्र प्रेत तेथून हलवूं दिलें नाहीं, त्याला ह्याहून मानाची जागा दुसरी वाटली नाहीं.

स्टेट हाऊससमोर रस्त्यापलीकडे ह्या पलटणीचें कांस्यशिल्प आहे. ऑगस्टस सेंट-गॉडन्स ह्या शिल्पकारानें तें करण्यास तेरा वर्षांवर काळ घेतला, आणि ३१ मे १८९७ रोजीं तें उघडलें गेलें. मधोमध घोड्यावर शॉ, आणि त्याच्या बाजूस पायीं चालणारे शिपाई. शिल्पकारानें शिपायांचे चेहरे एका साच्यांतून काढले नाहींत. कृष्णवर्णीय माणसें समोर बसवून एकेक तोंड निरनिराळें घडविलें, कोणी दाढीवाला पोक्त, तर कोणी ओठांवर मिसरूड न फुटलेला पोर. तरीसुद्धां अधिकाऱ्यांचीं नांवें कोरलीं गेलीं आणि वॅगनरला पडलेल्या शिपायांचीं राहिलीं. तीं स्मारकाच्या मागील बाजूवर १९८२ सालीं कोरण्यांत आलीं. पंचाऐशीं वर्षें लागलीं.

इमारतीच्या आवारांतील पुतळ्यांपैकीं दोहोंचा मुद्दाम उल्लेख करतों. एक मेरी डायर ह्या स्त्रीचा. ती क्वेकर पंथाची होती. बोस्टनच्या प्यूरिटन अधिकाऱ्यांनीं त्या पंथास बंदी केली. ती हद्दपारीचा हुकूम मोडून परत परत आली, आणि १६६० सालीं तिला फांशी दिली. फांशी देणारे ख्रिस्ती होते, आणि मरणारीहि ख्रिस्ती होती. आम्हां ख्रिस्ती लोकांना हें वाचतांना मान खालीं घालावी लागते. ज्या न्यायसभेनें तिला मरणाची शिक्षा दिली तिच्याच वारस कायदेमंडळाच्या दारांत १९५९ सालीं तिचा पुतळा बसविला गेला. ती शांतपणें बांकावर बसलेली आहे, हात मांडीवर.

दुसरा पुतळा होरेस मॅन ह्याचा, १८६५ सालचा. हा वकील, सेनेटचा अध्यक्ष. पुढें मोठ्या राजकीय पदास चढला असता. १८३७ सालीं ह्याच इमारतींत सार्वजनिक शिक्षणाचें मंडळ स्थापन झालें, तेव्हां वकिली सोडून त्यानें त्याची चिटणिशी पत्करली. घोड्यावर बसून तो खेडोपाडीं शाळा पाहत फिरला. बसावयास धड बाक नाहींत, हवा नाहीं, शिक्षकांस शिक्षण नाहीं, असें जें जें दिसलें तें त्यानें वार्षिक अहवालांतून कायदेमंडळापुढें मांडलें. १८३९ सालीं लेक्झिंग्टन येथें शिक्षक तयार करणारी पहिली सरकारी नॉर्मल शाळा निघाली, आणि १८५२ सालीं मुलांना शाळेंत पाठविणें सक्तीचें करणारा अमेरिकेंतील पहिला कायदा मॅसॅच्युसेट्सनें केला. नॉर्मल शाळा हा शब्द आमच्या जुन्या मिशन शिक्षकांच्या तोंडीं सहज असे. तो कोणत्या वाटेनें आला हें आतां ध्यानांत येईल.

आणि आतां तो राहिलेला ठराव. १८१० सालीं मॅसॅच्युसेट्समध्यें परदेशांत सुवार्ता नेण्यासाठीं अमेरिकन बोर्ड नांवाची संस्था निघाली. तिला कायदेशीर रूप मिळावें म्हणून कायदेमंडळापुढें अर्ज आला, तेव्हां कांहींनीं कडाडून विरोध केला. मिशनच्या इतिहासांत अशी आख्यायिका सांगतात कीं, आपल्याच घरीं धर्माचा सांठा तोकडा असतां तो परदेशीं कां पाठवावा, असें एका सभासदानें विचारलें. त्यावर दुसऱ्यानें, हा माल जितका बाहेर धाडावा तितका घरीं अधिक उरतो, असें उत्तर दिलें. व्यापारी लोकांना व्यापाराच्या भाषेंतलें उत्तर पटलें असावें. २० जून १८१२ रोजीं सनद मंजूर झाली. त्याच वर्षीं फेब्रुवारींत निघालेले गॉर्डन हॉल व सॅम्युएल नॉट हे १८१३ च्या फेब्रुवारींत मुंबईस पोंचले. त्यांना हद्दपार करण्याचे हुकूम निघाले. ते अर्ज करीत, विनवीत, चिकटून राहिले. १८१५ सालीं मुंबईंत त्यांची शाळा सुरू झाली. गॉर्डन हॉल मराठी शिकला, मराठींत उपदेश करीत गांवोगांव हिंडला, आणि १८२६ सालीं नाशिकच्या बाजूस प्रवासांत पटकीनें वारला.

१८२७ सालच्या अखेरीस सिंथिया फॅरार ही अविवाहित शिक्षिका आली. मुंबईंत व पुढें अहमदनगरास तिनें मुलींच्या शाळा चालविल्या. तेथेंच १८६२ सालीं तिचा अंत झाला. अहमदनगरच्या तिच्या शाळा पाहून जोतीराव फुले ह्यांस मुलींना शिकविण्याची स्फूर्ति झाली, आणि १८४८ सालीं पुण्यास त्यांनीं शाळा काढली, हें आपणांस ठाऊक आहे. बोस्टनच्या टेकडीवर हात वर करून मत देणाऱ्या त्या सभासदांपैकीं कोणालाहि अहमदनगर कोठें आहे हें सांगतां आलें नसतें.

ही सारी आठवण ज्या विटांत आहे त्या विटाच एकदां नष्ट व्हावयाच्या होत्या. कारभार वाढला, खोल्या पुरेनात. १८८९ ते १८९५ ह्या काळांत चार्ल्स ब्रिगहॅम ह्याच्या योजनेनें मागील बाजूस पिवळ्या विटांची प्रचंड जोड-इमारत झाली. मूळ इमारतीच्या सहापट मोठी! तिच्या पोटाखालून एक सबंध रस्ता कमानींतून जातो. नवें इतकें मोठें झाल्यावर जुनें केविलवाणें दिसूं लागलें. लांकूड कुजलें आहे, आगीचें भय आहे, पाडून नवें बांधावें, असा विचार कायदेमंडळांत जोर धरूं लागला. तेव्हां वास्तुशिल्पी, इतिहासप्रेमी आणि सामान्य स्त्रीपुरुष एकत्र झाले. सभा भरल्या, पत्रकें निघालीं. अखेर १८९६ सालीं बुल्फिंचची इमारत राखावी, आणि कुजलेलें तेवढें बदलावें, असें ठरलें. आमच्याकडे एखादा जुना वाडा पाडतांना पाट्या भरून माती जाते आणि शेजारी दारांत उभे राहून पाहतात. त्या वेळीं मला ह्या बोस्टनकरांची आठवण होते. १९१७ सालीं दोन्ही बाजूंस पांढऱ्या संगमरवराचे पंख जोडले गेले, तरी मधली लाल विटांची मूर्ति तशीच राहिली. मध्यंतरीं त्या विटांवर रंग फांसलेला होता. तो १९२८ सालीं काढून टाकला. प्रतिनिधींचें जुनें सभागृह, जेथें अँजेलिना ग्रिम्के बोलली तें, आतां सेनेटचें सभागृह आहे. तेथें ४० सेनेटर बसतात, आणि नव्या सभागृहांत माशाखालीं १६० प्रतिनिधि.

२०१४ सालच्या डिसेंबरांत पाणी कोठें झिरपतें तें शोधतांना कामगारांस कोनशिलेंत एक पितळी पेटी आढळली. म्हणजे ह्या इमारतीचें गळणें दोनशें वर्षांनींहि संपलें नव्हतें! १७९५ सालीं ठेवलेल्या वस्तु १८५५ सालीं एकदां हातीं लागल्या होत्या; त्या वेळीं त्या ह्या पेटींत घालून आणखी कांहीं जिनसांसह पुन्हां बसविल्या होत्या. कित्येक तास चुना खरवडून पेटी काढली आणि जानेवारी २०१५ मध्यें ती बोस्टनच्या कलासंग्रहालयांत उघडली. आंत वर्तमानपत्रें, जुनीं नाणीं, वॉशिंग्टनच्या मुखाचें एक पदक, आणि कोनशिलेची हकीकत कोरलेली एक रुप्याची पट्टी निघाली. ती पॉल रिव्हियरच्याच हातची असावी असें मानतात. त्याच वर्षीं जून महिन्यांत सर्व वस्तु, त्या वर्षाचीं नवीं नाणीं घालून, पुन्हां दगडाखालीं ठेवल्या.

ओवरीमागील मधला मोठा दरवाजा रोजच्या येण्याजाण्याचा नाहीं. लोक बाजूच्या दारांनीं जातात. एखाद्या राष्ट्राचा प्रमुख भेटीस आला असतां, किंवा गव्हर्नराची मुदत संपते त्या दिवशीं, तो उघडतात. गव्हर्नर आपल्या दालनांतून निघून, जिना उतरून, त्या दरवाजानें बाहेर पडतो आणि समोरच्या पायऱ्या उतरून रस्त्यावरच्या लोकांत येतो. त्याच्यामागें अधिकारपद राहतें. पुढें, रस्त्यापलीकडे, चौपन्नाव्या पलटणीचे कांस्याचे शिपाई चालत असतात.